सोया मेणाच्या सुगंधी मेणबत्त्या आणि खान्देशचा उन्हाळा: घाम सुटतो, पार्सल वितळतं, पेटवल्यावर वास नाही

चोपडा_नाका (प्रश्न)

राम राम मंडळी. जळगावात घरगुती पातळीवर जारमधल्या सुगंधी मेणबत्त्या करतो. अडचण नेमकी मांडतो, म्हणजे उत्तरंही नेमकी मिळतील.

मेण: सोया फ्लेक्स, पुरवठादाराच्या कागदावर वितळणबिंदू ४६ ते ४९ अंश. जार: साधी काच, आतला व्यास ७ सेंमी, रेषेपर्यंत १८० मिली पाणी मावतं. सुगंधी तेल १० टक्के. मेण ८५ अंशांपर्यंत तापवून तेल घालतो, ढवळतो आणि लगेच ओततो. वात मेण लावलेली तयार, दुकानदाराने 'जाड' म्हणून दिलेली, पाकिटावर नंबर काही नाही. दुसऱ्या दिवशी झाकण लावून माल विक्रीला.

आता दुखणी. मार्च लागला की मेणावर तेलाचे थेंब दिसतात. पुण्याला गेलेल्या पार्सलमधलं मेण एका बाजूला कललेलं पोहोचतं, लेबलवर तेल उतरलेलं असतं. बंद जार उघडून हुंगला तर वास भरपूर, पण पेटवल्यावर खोलीत काही कळत नाही. शिवाय वातीभोवती खड्डा पडत जातो आणि कडेचं मेण तसंच उभं राहतं.

पॅराफिन (खनिज तेलातून निघणारं मेण) मिसळावं का? गिऱ्हाईक म्हणतं सोयाच पाहिजे, पॅराफिन विषारी असतं. आणि सोबत एक शंका: आपल्याकडे एवढा कापूस पिकतो, तर वात घरीच वळली तर काय बिघडतं?

तापीकाठ

भाऊ, तुमच्या चारही तक्रारींची मुळं दोनच आहेत, मेण आणि वात. वातीवर दुसरं कुणी लिहीलच, मी मेणाचं सांगतो.

४६ ते ४९ वितळणबिंदूचं जारचं मेण थंड प्रदेशातल्या घरांसाठी बनवलेलं असतं. तिथल्या व्हिडिओत ते छान दिसतं कारण खोली २२ अंशांवर असते. जळगाव-भुसावळला मे महिन्यात सावलीतलाच पारा ४४-४५ वर जातो, पत्र्याच्या गोदामात आणि उन्हात उभ्या बंद गाडीत तो ५५ ओलांडतो. म्हणजे तुमचं मेण वाटेत 'मऊ' होत नाही, सरळ वितळतं. आणि वितळायच्या बरंच आधी, ३८-४० च्या आसपासच, त्याची पकड ढिली होऊन तेल बाहेर यायला लागतं. तोच घाम. त्यात तुमचं तेल १० टक्के. पुरवठादार 'कमाल १० टक्के' लिहितो तेव्हा ती थंड हवामानातली कमाल असते. खान्देशात फेब्रुवारी ते जून ६ ते ७ टक्क्यांच्या वर जाऊ नका, नुसत्या तेवढ्यानेच घाम बराच आटोक्यात येईल. आलेले थेंब टिश्यूने टिपून घ्या. ते तसेच ठेवून मेणबत्ती पेटवली तर वरचं तेल भडकतं.

मेण घट्ट करायचे दोन मार्ग आहेत.

पहिला, मिश्रण. पूर्ण शुद्ध केलेलं ५८/६० पॅराफिन घ्या. हा आकडा वितळणबिंदूचा आहे आणि व्यापारी भाषेत तो असाच बोलतात. देशातच बनतं, आसामच्या नुमालीगड रिफायनरीत २०१५ पासून मेणाचा मोठा कारखाना चालू आहे. लाद्यांच्या रूपात मिळतं. एक किलो मिश्रणासाठी सुरुवात अशी करा: सोया ५५० ग्रॅम, पॅराफिन ४०० ग्रॅम, हायड्रोजनेटेड कॅस्टर वॅक्स ५० ग्रॅम. कॅस्टर वॅक्स एरंडेल तेलापासून बनतं, ८५ अंशांच्या आसपास वितळतं आणि एरंडीचा मोठा व्यापार शेजारच्या गुजरातेतच असल्याने मिळायला अवघड नाही. ते आधी पॅराफिनबरोबर ९० पर्यंत तापवा, पूर्ण पारदर्शक होऊ द्या, मगच सोया टाका. घाई केली तर तळाशी न विरघळलेले कण राहतात आणि जारमध्ये पांढरे ठिपके दिसतात.

एक लक्षात घ्या, मिश्रणाचा वितळणबिंदू म्हणजे घटकांची सरासरी नव्हे. ४७ आणि ५९ मिसळले म्हणून ५३ येतील असं नाही. सोयाचा भाग त्याच्या तापमानाला सुटणारच. फरक एवढाच की जास्त अंशांना वितळणाऱ्या मेणाचे स्फटिक जाळीसारखे उभे राहतात आणि सुटलेलं मेण धरून ठेवतात. त्यामुळे ते पाण्यासारखं पातळ न होता खव्यासारखं राहतं, जारमधून वाहत नाही.

दुसरा मार्ग, वनस्पतीजन्यच हवं असेल तर. जारसाठीच्या सोयाऐवजी 'पिलर'साठीचं, म्हणजे जारशिवाय उभ्या राहणाऱ्या मेणबत्तीचं, सोया मेण मागा, त्याचा वितळणबिंदू ५२ ते ५७ च्या पट्ट्यात असतो. किंवा आहे त्याच सोयात ५ ते ८ टक्के राइस ब्रॅन वॅक्स घाला. भाताच्या कोंड्याच्या तेलातून ते निघतं आणि ७८ ते ८२ अंशांना वितळतं. तेल धरून ठेवण्याची त्याची ताकद चांगली. दोष असा की मेण काचेपासून सुटतं, कडेला चकत्या-चकत्या दिसतात. जळण्यात फरक पडत नाही, पण फोटोत वाईट दिसतं. मधमाशीचं मेणही ६२-६४ चं आहे आणि पकड चांगली देतं, पण स्वतःचा वास आणतं आणि सुगंध दाबतं, म्हणून ५ टक्क्यांवर नको.

काहीही ठरवलं तरी विकण्याआधी तापवून पाहा. जुना बंद फ्रिज, आत बल्ब आणि अंडी उबवण्याच्या पेटीला वापरतात तसा थर्मोस्टॅट, एवढ्यावर ५० अंशांची पेटी तयार होते. तयार जार सहा तास आडवा नाही, किंचित तिरपा ठेवा. पृष्ठभाग कलला नाही, काचेवर तेल उतरलं नाही, तर मे महिन्यात पाठवायला हरकत नाही. थर्मोकोलच्या खोक्यात बल्ब लावायचा उद्योग करू नका, ते वितळतं आणि पेटतं.

वातीवाला

पेटवल्यावर वास न येणं आणि मधे खड्डा पडणं ही दोन दुखणी वेगळी नाहीत. तुमची वात ७ सेंमीच्या जारला बारीक आहे. दुकानदाराच्या लेखी जाड असेल, तुमच्या मेणाच्या लेखी नाही.

सुगंध ज्योतीतून पसरत नाही. ज्योतीत गेलेलं तेल जळून जातं. वास येतो तो वितळलेल्या मेणाच्या तळ्यावरून. तळं लहान म्हणजे वास कमी. तेल १० वरून १२ टक्के केलं तर उलट होतं: जड तेलाने वात तुंबते, ज्योत आणखी बारीक होते, तळं आणखी आक्रसतं. वास येत नाही म्हणून तेल वाढवत नेणारे बहुतेक जण याच चक्रात फिरत असतात.

मोजमाप असं. जारच्या दर इंच व्यासाला साधारण एक तास धरा. ७ सेंमी म्हणजे पावणेतीन इंच, तर अडीच ते तीन तासांत तळं काचेपर्यंत पोहोचलं पाहिजे. चार तासांनी खोली एक सेंमीच्या आसपास हवी. तळं कडेला पोहोचलंच नाही तर वात एक नंबर वर, म्हणजे जाड. तळं दीड तासातच कडेला गेलं, खोली दीड सेंमी झाली, ज्योत नाचते, काचेला काजळी चढते, जार हातात धरवत नाही, तर एक नंबर खाली. ज्योत साडेसात सेंमीपेक्षा उंच कधीच नको, ती अपघाताची हद्द आहे.

बिननंबरी वाती घेणं आधी बंद करा. सीडी किंवा इको अशा मालिकेच्या, नंबर असलेल्या घ्या. तुमच्या जारला सोयासाठी सीडी-१० ते सीडी-१४ किंवा इको-१० ते इको-१२ असा संच मागवा आणि एकाच दिवशी, एकाच घाण्यातल्या मेणात सगळ्या लावून शेजारी-शेजारी जाळून पाहा. फक्त तळं काचेला लागतंय का एवढंच पाहू नका, पहिला चटका (एका वेळचं जळणं), मधला आणि शेवटचा, तिन्हींची नोंद ठेवा. जार अर्धा रिकामा झाला की काचेच्या भिंती उष्णता आतच कोंडतात. वर नेमकी वाटणारी वात तळाशी गेल्यावर जास्त होते. म्हणून पहिल्या चटक्यात कडेला जेमतेम एक-दोन मिलिमीटर मेण राहिलं तर चालतं, ते पुढे आपोआप वितळतं. तीन तासांत चकाचक कडेला भिडणारी वात पुष्कळदा तळाला धूर काढते.

आणि तापीकाठ यांनी दिलेलं मिश्रण घेतलंत तर ही सगळी चाचणी पुन्हा पहिल्यापासून. कॅस्टर वॅक्स पडलं की मेण जड होतं, वात एक-दोन नंबर वर जाते. पॅराफिनचा वाटा वाढला की उलट, वात खाली येते. तेल बदललं तरी तेच. व्हॅनिलासारखं जड तेल आणि लिंबासारखं हलकं तेल एका वातीवर सारखं जळत नाहीत. रंग घातला, विशेषतः गडद, तरी फरक पडतो. दहा सुगंध विकायचे म्हणजे दहा वेळा वात तपासायची. हे नको असेल तर चारच सुगंध विका.

कापसाचं सांगतो. देवघरातली फुलवात किंवा हाताने वळलेली वात तेला-तुपासाठी आहे. तिथे तेल आपणच भोवती असतं आणि वात अधूनमधून सारखी करतो. मेणबत्तीच्या वातीला स्वतःचं टोक स्वतः जाळून टाकावं लागतं. नुसती पिळलेली वात सरळ उभी राहते, टोकाला कोळशाची गाठ धरते आणि धूर सोडते. १८२५ च्या सुमारास कांबासेरेस नावाच्या फ्रेंच माणसाने वात वेणीसारखी गुंफली, तेव्हा हा प्रश्न सुटला: वेणी जळताना एका बाजूला वाकते, टोक ज्योतीच्या कडेला, जिथे हवा भरपूर असते, तिथे जातं आणि राख होऊन जातं. त्याआधी मेणबत्तीचं टोक कात्रीने छाटत बसावं लागायचं. शिवाय कारखान्यात या वेणीवर बोरिक ॲसिड किंवा अमोनियम क्षारांची प्रक्रिया करतात. गुंफण, तारांची संख्या, ताण, क्षार, हे सगळं घरी दर वेळी सारखं ठेवणं जमत नाही, आणि सारखं राहिलं नाही तर प्रत्येक जार वेगळा जळतो. कापूस यावल-चोपड्याचा असला तरी वात कारखान्याचीच घ्या.

वातीचं टोक पांढऱ्या कागदावर घासून पाहायची सवय ठेवा, आत धातूची तार असलेली स्वस्त वात पाकिटात येते कधीकधी. तारेने पेन्सिलीसारखी करडी रेघ उठली तर ते शिसं असू शकतं, पाकीट परत करा. अमेरिकेत शिशाच्या वातींवर २००३ पासून बंदी आहे.

पावसाळ्यात वाती हवाबंद डब्यात ठेवा. दमट वात तडतडते.

चोपडा_नाका

वात समजली. तिघा-चौघांनी ओतण्याच्या तापमानाबद्दल वेगवेगळं सांगितलंय. ८५ ला तेल घातलं की उडून जातं असं म्हणतात, ते खरं का? आणि १० टक्के काढायचे कसे, मेणाचे की एकूण वजनाचे? आमच्याकडे खोलीत कूलर चालू असतो, त्याचा काही परिणाम?

तापीकाठ

टक्के मेणाच्या वजनावर काढतात. जारमध्ये आधी रेषेपर्यंत पाणी भरून वजन करा. तुमचं १८० ग्रॅम येईल. मेण पाण्यापेक्षा हलकं, म्हणून ०.८८ ने गुणा. १५८ येतात, १६० धरू. ८ टक्के तेल हवं तर १६० ला १.०८ ने भागा: मेण १४८ ग्रॅम, तेल १२ ग्रॅम. ६ टक्क्यांना १५१ आणि ९. पंचवीस जारच्या घाण्याला ८ टक्क्यांनी मेण ३७०४ ग्रॅम, तेल २९६ ग्रॅम, आणि भांड्याला चिकटणारं म्हणून वर शंभर-दीडशे ग्रॅम मेण त्याच प्रमाणात तेलासकट. तेल मिलीमध्ये मोजू नका. प्रत्येक तेलाची घनता वेगळी, काटा एक ग्रॅम दाखवणारा घ्या.

तेल उडून जाण्याची गोष्ट अर्धवट खरी. फ्लॅश पॉइंट म्हणजे तेलाची वाफ ठिणगीने पेट घेऊ शकते तो अंश, तेल 'संपून' जाण्याचा नव्हे. ८५ ला घालून दोन मिनिटांत मिसळलं तर फार काही जात नाही. उघड्या भांड्यात अर्धा तास उकळत ठेवलं तर मात्र संत्रं, लिंबू, गवती चहा अशा हलक्या वासांचा वरचा सूर निघून जातो. साध्या सोयासाठी ७० ते ७५ ला गॅस बंद करून तेल घाला, दोन मिनिटं सावकाश ढवळा, तळापासून, फेस न आणता. मग ५५ ते ६० ला ओता. मिश्रणात कॅस्टर वॅक्स असेल तर ५५ ला ते भांड्यातच गोठायला लागेल. तिथे ७० ते ७५ ला ओता. तुम्ही ८५ ला ओतता म्हणून मेण गोठायला फार वेळ लागतो, वरून खोलगट होतं आणि आत पोकळी धरते. मे महिन्यात खोलीच ४० ची असली तर सोया रात्रभरातही नीट बसत नाही. ओतायचं काम पहाटे करा किंवा एका खोलीला एसी द्या. जानेवारीत प्रश्न उलटा. धुळ्याला किमान तापमान ६ अंशांपर्यंत उतरतं, थंड काचेला गरम मेण लागलं की ओरखडे आणि हवेचे ठिपके दिसतात, तेव्हा रिकामे जार आधी ४० पर्यंत कोमट करून घ्या.

कूलर ओतण्याच्या खोलीत नको. एका बाजूने वारा लागला की पृष्ठभाग तिरपा गोठतो, आणि दमट हवेने वाती ओल धरतात.

दुसऱ्या दिवशी विकणं हे तुमचं सगळ्यात सोपं दुखणं आहे. पॅराफिन दोन-तीन दिवसांत तयार होतं. सोयाला दहा ते चौदा दिवस मुरू द्या, झाकण लावून, अंधारात. न मुरलेला सोया जार थंड हुंगला तर वास देतो, पेटवला तर नाही. तुमच्या तिसऱ्या तक्रारीचं अर्धं कारण हेच असावं.

मेण नेहमी पाण्याच्या भांड्यात दुसरं भांडं ठेवूनच वितळवा, थेट आचेवर नाही. पेटलंच तर गॅस बंद आणि वर घट्ट झाकण. पाणी टाकलं तर जळतं मेण खोलीभर उडतं.

सुगंधी_गल्ली

तेलाबद्दल कुणी बोललं नाही म्हणून. अगरबत्तीवाल्यांकडचं 'कंपाउंड' स्वस्त मिळतं, ते मेणबत्तीत घालू नका. काडी बुडवायला ते मोठ्या प्रमाणात डीईपी (डायएथिल थॅलेट) या पातळद्रव्यात पातळ केलेलं असतं. मेणात त्यातला सुगंध थोडाच येतो, बाकी पातळद्रव्य वात तुंबवतं आणि घाम वाढवतं. खाण्याचे इसेन्सही नको, ते प्रॉपिलीन ग्लायकॉलमध्ये असतात, मेणात मिसळत नाहीत, तळाशी थेंब होऊन बसतात आणि वातीला लागले की तडतडतात. गुलाबपाण्याचं तर बोलायलाच नको.

पुरवठादाराकडून दोन कागद मागा, सुरक्षा-पत्रक आणि इफ्रा (आंतरराष्ट्रीय सुगंध संघटना) प्रमाणपत्र. त्यात मेणबत्ती हा प्रकार १२ मध्ये येतो, त्या ओळीतली टक्केवारी पाहा. अत्तराच्या बाटलीवर प्रकार ४ ची टक्केवारी दाखवून तेल खपवणारे भेटतात.

व्हॅनिलिन असलेलं तेल पांढऱ्या मेणाला काही आठवड्यांत पिवळं, मग तपकिरी करतं. व्हॅनिला, चॉकलेट, पुरणपोळीछाप 'गोड' वास, सगळ्यांत ते असतं. हे बिघडलेलं नाही, पण गिऱ्हाईक परत आणतं. असे वास रंगीत किंवा अपारदर्शक जारमध्ये द्या. मोगऱ्याचा खरा अर्क मेणबत्तीत घालणं म्हणजे पैसे जाळणं. तयार फ्रॅग्रन्स ऑइलच वापरा आणि लेबलवर 'नैसर्गिक' लिहू नका. मातीच्या अत्तराचंही तेच, कनौजचं खरं अत्तर चंदनाच्या तेलावर उतरवतात, ते हातावर लावायला ठीक.

भुसावळ_यार्ड

मिश्रणाच्या बाजूने इतकं लिहिलंय म्हणून वेगळं मत मांडतो. एप्रिल ते जूनच्या मध्यापर्यंत जारची लांबची पार्सलं घेऊच नका. त्या अडीच महिन्यांसाठी मेण, वात, चाचणी सगळं दुहेरी ठेवायचं, त्यात जेवढा वेळ जातो तेवढा त्या काळातला धंदा नसतो. सुगंधी मेणबत्तीची मागणी गणपतीपासून नाताळापर्यंत, मग लग्नसराईतल्या परतभेटी. उन्हाळ्यात हाती विक्री करा, आणि दिवाळीचा माल ऑगस्टपासून ओतायला घ्या म्हणजे मुरायलाही वेळ मिळतो.

पाठवायचंच असेल तर: थर्मोकोल गारवा निर्माण करत नाही, फक्त उष्णता आत यायला उशीर लावतो. जेलपॅक काही तासांचा सोबती. त्यापेक्षा वेळ पाळा. पुणे-मुंबईचा माल रात्रीच्या ट्रॅव्हल्सच्या पार्सलने पाठवला तर सकाळी पोहोचतो, उन्ह लागतच नाही. कुरिअरला देणार असाल तर सोमवार-मंगळवारी संध्याकाळी द्या. शनिवारी दिलेलं खोकं रविवारभर पत्र्याखाली पडून असतं.

मेणावर बटर पेपरची गोल चकती, मग झाकण, मग झाकणाला श्रिंक (तापवलं की आवळणारं प्लास्टिक). जार उभाच राहील असा कप्पा. म्हणजे वाटेत मऊ पडलं तरी सांडत नाही, पुन्हा बसतं. वातीच्या बुडाची चकती साध्या ग्लूगनने चिकटवत असाल तर तो डिंक गरम मेणातच सुटतो आणि वात तिरपी होते. उष्णता सोसणारे वात-स्टिकर मिळतात, तेच लावा.

मोकळी जागा भरायला केळीच्या खोडाचा वाळलेला सोपट वापरायची कल्पना रावेरकडे बऱ्याच जणांना सुचते. दिसायला झकास, पण पूर्ण वाळलेला नसला तर बुरशी येते आणि त्याचा वास कागदी लेबलात मुरतो. कागदाचा चुरा बरा.

नुसतीच_गिऱ्हाईक

विकत घेणाऱ्यांच्या बाजूने लिहिते, कारण अर्ध्या तक्रारी जाळण्याच्या पद्धतीतून येतात आणि विकणारे चिठ्ठीत ते लिहीत नाहीत.

पहिल्यांदा पेटवाल तेव्हा तळं काचेपर्यंत जाईपर्यंत विझवू नका. तुमच्या ७ सेंमीच्या जारला तीन तास. आरतीपुरती वीस मिनिटं लावून विझवली की मधे खड्डा पडतो आणि पुढच्या वेळी मेण त्याच खड्ड्यात वितळत राहतं. असा खड्डा पडलाच तर ॲल्युमिनियम फॉइल जारच्या तोंडावर कडेने दुमडा, मधे रुपयाच्या नाण्याहून मोठं भोक ठेवा, तासभर समोर बसून जाळा. कडेचं मेण वितळून सपाट होतं. फॉइल तापते, हाताने काढू नका.

दर वेळी पेटवण्याआधी वात ५-६ मिलिमीटर ठेवा. मेण गार असताना नेलकटरने टोक सहज निघतं. चार तासांच्या वर सलग नको. फुंकर मारण्याऐवजी झाकण ठेवा, धूर कमी होतो.

पंखा आणि कूलर: आपल्याकडे मे महिन्यात दोन्ही बंद करणं शक्य नाही, मग मेणबत्ती लावून उपयोगही नाही. डेझर्ट कूलर बाहेरची हवा आत ढकलतो आणि खिडकीतून बाहेर काढतो, खोलीतली हवा सतत बदलत असते. सुगंध साचणार कुठून? वर ज्योत फडफडते आणि काजळी काढते. १० बाय १२ च्या खोलीत, दार लोटून, पंखा बंद असताना असा जार पुरतो. दिवाणखाना आणि स्वयंपाकघर एकत्र असेल तर एका जारकडून अपेक्षा ठेवू नका.

'पॅराफिन विषारी' याबद्दल. काजळी मेणाच्या जातीपेक्षा वातीवर, वाऱ्यावर आणि तेलाच्या प्रमाणावर जास्त ठरते. जाड वातीचा सोया जारही काच काळी करतो, नीट वातीचा पॅराफिन जार स्वच्छ जळतो. दम्याचा त्रास असलेल्या घरात कुठलीच सुगंधी मेणबत्ती, अगरबत्ती, धूप बंद खोलीत लावू नये. तिथे मेण कुठलं हा प्रश्नच दुय्यम. आणि मे महिन्यात जळगावच्या दुकानात बिनएसीच्या मांडणीवर ताठ उभी असलेली '१०० टक्के सोया' मेणबत्ती दिसली, तर ती निव्वळ जारचं सोया नाही एवढं वरच्या आकड्यांवरून कळतंच. मिश्रण असणं वाईट नाही, ते न सांगणं वाईट.

दुसरी थाप जळण्याच्या तासांची. असा जार तासाला साधारण ६ ग्रॅम मेण खातो. मेण १६०. तळाशी एक सेंमी उरलं की थांबायचं, नाहीतर काच तडकते. ७ सेंमी व्यासाला तो एक सेंमी म्हणजे ३४ ग्रॅम. उरले १२६, भागिले ६, म्हणजे २१ तास. याच मापाच्या जारवर ४० तास छापलेलं सर्रास दिसतं. विकणाऱ्यांनी चार तास जाळून आधी-नंतर वजन करावं आणि खरा आकडा लिहावा.

उरलेल्या तळाच्या मेणासाठी जार दोन तास फ्रीजरमध्ये ठेवा, मेण सुटून येतं. गरम पाण्याने वितळवून मोरीत ओतलं की पाइप बसला.

चोपडा_नाका

सगळ्यांचे आभार. उन्हाळ्यात लांबची पार्सलं बंद, बाकी वर्षभर सोया अधिक राइस ब्रॅन, तेल ७ टक्के, सीडीचा संच मागवतो. शेवटचं: दिवाळीला मातीच्या पणतीत सुगंधी मेण ओतून द्यायची मागणी आहे, त्याला काय पाहावं? आणि लेबलवर कायद्याने काय लागतं?

वातीवाला

पणती आतून चकाकी दिलेली असेल तरच घ्या. कच्च्या भाजलेल्या मातीत वितळलेलं मेण मुरतं आणि पणतीचा काठच वातीसारखा पेटू शकतो. खालचं लाकूड, रांगोळी, टेबलक्लॉथ तेलकट होतं ते वेगळंच. तपासणी सोपी: पणतीत पाणी भरून रात्रभर वर्तमानपत्रावर ठेवा, सकाळी कागद ओला तर ती पणती बाद. उथळ पणतीला जारची वात लावू नका, दोन-तीन नंबर बारीक लागते. वर वाळलेल्या गुलाबपाकळ्या, दालचिनी, कॉफीचे दाणे टोचायची फॅशन आहे, त्यातली प्रत्येक वस्तू दुसरी वात होते. सजावट खोक्यावर करा. आणि सोबतच्या चिठ्ठीत लिहा की दोन पणत्यांत किमान वीतभर अंतर ठेवावं. जवळजवळ मांडल्या तर एकमेकींच्या उष्णतेने सगळं मेण एकदम वितळतं आणि ज्योती भडकतात.

भुसावळ_यार्ड

लेबल: २०११ च्या वजनमापे आवेष्टित वस्तू नियमांप्रमाणे वस्तूचं नाव, बनवणाऱ्याचं नाव-पत्ता, निव्वळ वजन ग्रॅममध्ये (जार धरून नाही), बनवल्याचा महिना आणि वर्ष, सर्व करांसह कमाल किरकोळ किंमत, प्रति ग्रॅम किंमत आणि तक्रारीसाठी फोन व ईमेल. त्याखाली सूचना: वात ५ मिमी ठेवा, चार तासांवर जाळू नका, एक सेंमी मेण उरलं की थांबा, पडदे-मुलं-मांजरं लांब. मेणबत्त्यांचा एचएसएन (जीएसटीसाठीचा वस्तूचा कोड) ३४०६, जीएसटी २२ सप्टेंबर २०२५ पासून १२ वरून ५ टक्के झालाय, जुन्या दराने छापलेली बिलबुकं आणि किमतीचे स्टिकर बदलून घ्या. राज्याबाहेर माल विकण्याआधी नोंदणीचं तुमच्या सीएला विचारा, तो नियम राज्यातल्या विक्रीपेक्षा वेगळा आहे.

प्रत्येक घाण्याला एक नंबर द्या आणि तो जारच्या बुडाला चिकटवा. मेणाचा लॉट, तेलाचा लॉट, वातीचा नंबर, ओतल्याचं तापमान, तारीख, एका वहीत. तक्रार आली की बुडाचा नंबर विचारायचा, बाकीचं वही सांगते.